अंगणाला आडोसा घालायचाय? आधी हद्द, मग चिरा

मे महिन्यातली सकाळ. तुम्ही पडवीत चहा घेऊन बसलेले. रस्त्यावर एक गाडी थांबते, चार माणसं उतरतात आणि तुमच्या तुळशीवृंदावनाचे फोटो काढायला लागतात. पाचवा सरळ अंगणात येऊन विचारतो, "इथे जेवणाची सोय होते का?" गुहागर, दापोलीजवळचं मुरूड, दिवेआगर, तारकर्ली अशा गावांत ज्यांचं घर रस्त्याला लागून आहे, त्यांना हे नवीन नाही. नव्याने घर बांधलेल्या किंवा वडिलोपार्जित घरात परत आलेल्या माणसाला मात्र आठवडाभरात वाटायला लागतं, की सात फुटी भिंत घालून मोकळं व्हावं. मग तो चिरेवाल्याला, म्हणजे जांभ्या दगडाचे चिरे विकणाऱ्याला, फोन करतो.

तो फोन थोडा थांबवा. कोकणात कुंपणावरून होणारी बहुतेक भांडणं उंचीवरून होत नाहीत. कुणाची तरी वाट बंद झालेली असते, कुणाकडे तरी पाणी वळलेलं असतं, नाहीतर हद्दच चुकलेली असते. त्यामुळे उंचीचे नियम या लेखात पुढे येतील, तेही थोडक्यात.

कागद आणि त्यावरची नावं

सातबारा आणि आठ-अ (खातेदाराच्या जमिनींचा एकत्र उतारा) ऑनलाइन मिळतात, डिजिटल सहीचा उतारा काढून ठेवा. एक गोष्ट पहिल्यांदा लक्षात घ्यायची: सातबाऱ्यावर क्षेत्र असतं, हद्द नसते. 'चार आर' असं लिहिलेलं असेल, पण ते कुठल्या माडापासून कुठल्या फणसापर्यंत, हे सातबारा सांगत नाही. ते नकाशा सांगतो आणि जमिनीवर मोजणी सांगते. हिशोबासाठी, एक आर म्हणजे १०० चौरस मीटर. गुंठा त्याहून किंचित मोठा, १०८९ चौरस फुटांचा. बोलताना लोक दोन्ही एकच धरतात आणि मोठ्या ठिकाणात त्याचाच फरक निघतो.

दुसरं म्हणजे नावं. आपल्याकडच्या सातबाऱ्यावर पंधरा-वीस नावं असणं हे काही नवल नाही. अर्धे मुंबईत, दोघे पुण्यात, एक आत्या बडोद्याला, काही वारलेले आणि वारसनोंद न झालेले. "हा भाग आमच्याकडेच आहे, आजोबांच्या वेळेला वाटणी झाली" हे घरात सगळ्यांना माहीत असतं, पण कागदावर जमीन सामाईकच असते. सामाईक जमिनीत एकाने पक्कं कुंपण घातलं, की बाकीच्यांना तो कब्जा वाटतो आणि कायद्याच्या नजरेतही त्यांचं म्हणणं अगदीच चूक ठरत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदारांकडून वाटप करून घेता येतं. तेवढा वेळ नसेल तर निदान सहहिस्सेदारांची लेखी संमती घ्या. व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर आलेला अंगठा म्हणजे संमती नव्हे.

घर गावठाणात असेल तर सातबारा नसतो. नगर भूमापन झालेलं असेल तिथे मालमत्ता पत्रक मिळतं. स्वामित्व योजनेत ड्रोनने मोजणी झालेल्या गावांत सनदही मिळते. ग्रामपंचायतीचा नमुना आठ पुष्कळ लोक मालकीचा पुरावा म्हणून पुढे करतात. तो घरपट्टीच्या आकारणीचा उतारा आहे. त्याच्या जोरावर हद्द ठरत नाही.

मोजणी

तालुक्याच्या उपअधीक्षक भूमी अभिलेख कार्यालयात अर्ज करायचा. आता हा अर्ज ऑनलाइनही होतो. अर्जात हद्द कायम करण्याची मोजणी हवी असं स्पष्ट लिहा. लगतच्या धारकांना कार्यालय नोटीस पाठवतं. पण नुसत्या नोटिशीवर राहू नका. स्वतः जाऊन सांगा: "काका, बुधवारी मोजणी आहे, तुम्ही उभे राहा." नोटीस मिळाली की माणूस वकिलाचा विचार करतो. घरी येऊन सांगितलं की तो टोपी घालून हद्दीवर येतो.

तारीख पावसाळ्याच्या आत किंवा दिवाळीनंतरची मिळेल असं पाहा. श्रावणात रान माणसाच्या उंचीचं झालेलं असतं, शेतात भात उभं असतं आणि जुना दगड शोधायला कुणी वाकत नाही. मोजणीच्या आधी दोन दिवस गडी लावून हद्दीवरचं रान साफ करा, नाहीतर भूकरमापक आला तरी करवंदीच्या जाळीत काही दिसणार नाही.

मोजणी झाल्यावर खुणा दाखवतात आणि नंतर 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा अधिकृत नकाशा, मिळते. कुंपणाच्या बाबतीत सगळ्यात मोलाचा कागद हाच. दाखवलेल्या खुणांवर त्याच संध्याकाळी दगड रोवा आणि शेजाऱ्यासोबत उभं राहून फोटो काढा. शेजाऱ्याला मोजणी मान्य नसेल तर तो निमताना मोजणी (वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी) मागू शकतो, तो त्याचा हक्क आहे. तसा अर्ज पडला असेल तर निकाल लागेपर्यंत पाया खणू नका.

आणि भिंत रेषेवर नको, रेषेच्या आत घाला. जमिनीवर भिंत नऊ इंचांची दिसते, पण खाली पाया दीड-दोन फूट रुंद असतो आणि तोही तुमच्याच जागेत मावला पाहिजे. हद्दीचा जुना दगड भिंतीत गाडू नका. हलवू तर नकाच. हद्दीची खूण नष्ट करणं हा महसूल संहितेखाली दंडाचा विषय आहे, शिवाय गावात त्याचं नाव वर्षानुवर्षं निघतं.

कोण चालतं, पाणी कुठून जातं

हा टप्पा कुठल्याही अर्जात नाही, म्हणून तो सगळे वगळतात. आणि पस्तावतात.

भिंतीचं ठरवल्यानंतर निदान एक पावसाळा त्या जागेत काढा. तेवढं शक्य नसेल तर वाडीतल्या सर्वात म्हाताऱ्या माणसाला हाताला धरून आणा आणि विचारा, इथून कोण जायचं? कोकणातल्या वाटा नकाशावर कमी आणि पायात जास्त असतात. विहिरीवर जाणारी वाट, देवळाकडे जाणारी पाखाडी, समुद्राकडे मासळीला जाणाऱ्या बायकांची वाट, गुरं चरायला नेण्याची पाणंद. यातली एखादी तुमच्या अंगणाच्या कडेने जात असेल तर ती 'माझ्या जमिनीतली' असूनही तुम्हाला बंद करता येईलच असं नाही. भारतीय सुखाधिकार कायदा १८८२ चा. त्याच्या कलम १५ प्रमाणे, वीस वर्षं उघडपणे, अखंड आणि हक्काने वापरलेल्या वाटेवर वापरणाऱ्याचा हक्क तयार होतो. शेतात जाणारी वाट किंवा पाण्याचा प्रवाह अडवला तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली तहसीलदार अडथळा काढायला लावू शकतात. म्हणजे तुम्ही चिऱ्याला पैसे घालायचे आणि नंतर तोडणाऱ्यालाही.

वाट असेल तर ती सोडून कुंपण घाला, नाहीतर तिथे बेडा ठेवा. दोन खांबांना भोकं पाडून त्यात आडवे वासे सरकवले की गुरं आत येत नाहीत आणि माणूस वासा काढून जातो. आमच्या आजीच्या काळापासूनची ही सोय आहे, तिला ना बिजागरी लागते ना गंज चढतो.

आता पाणी. कोकणात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि जमीन सगळी उताराची. वरच्या वाडीचं पाणी तुमच्या अंगणातूनच खालच्या पऱ्ह्याला (ओढ्याला) जाणार, त्याला दुसरा रस्ता नाही. आमच्या घरी हेच चुकलं. रस्त्याच्या बाजूने चांगली पाच फुटी चिऱ्याची भिंत घातली, दर्जा भरून, गिलावा करून. कंत्राटदाराने पाण्यासाठी एकही भोक ठेवलं नाही आणि आम्हालाही विचारायचं सुचलं नाही. जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात अंगणात घोटाभर पाणी, तुळशीच्या पायऱ्या बुडालेल्या. तिसऱ्या आठवड्यात भिंतीला रस्त्याच्या बाजूने पोट आलं. एका रात्री वीस फूट भिंत रस्त्यावर आडवी झाली. तेव्हा रस्त्यावर कुणी नव्हतं हे नशीब. शेजारच्या काकी सकाळी येऊन एवढंच म्हणाल्या, "गडगा घालायचा तर घालावा हो, पण पाण्याला विचारून."

जुन्या लोकांनी गडगे का घातले ते तेव्हा कळलं. दगडावर दगड, मध्ये चुना नाही, सिमेंट नाही. वारा आणि पाणी आरपार जातं, गडगा जागच्या जागी. पक्की भिंतच घालायची असेल तर तळाशी दर पाच-सहा फुटांवर चार इंची पाइपाचा तुकडा ठेवा, आणि जिथून पाणी आधीपासून वाहतं तिथे सरळ मोरी सोडा. मोरीच्या तोंडाला लोखंडी जाळी लावा, म्हणजे पाणी जाईल, पण शेजाऱ्याची कोंबडी आत येणार नाही.

परवानगी कोणाची

गावाप्रमाणे उत्तर बदलतं.

ग्रामपंचायतीच्या हद्दीत असाल तर पहिला अर्ज तिथेच. ग्रामपंचायत अधिनियम १९५८ च्या कलम ५२ खाली बांधकामाला ग्रामपंचायतीची परवानगी लागते आणि कलम ५३ खाली सार्वजनिक रस्त्यावर किंवा मोकळ्या जागेवर केलेलं अतिक्रमण ती काढू शकते. अर्जासोबत 'क' प्रत, उतारा आणि साधा हाताने काढलेला नकाशा जोडा. भिंतीची लांबी, उंची, फाटक कुठे, मोरी कुठे हे लिहा. पोच घ्या. ग्रामसेवक तोंडी "घाला हो, कोण विचारतंय" म्हणाले तरी पोच घ्या. पाच वर्षांनी ग्रामसेवक बदललेले असतात, सरपंचही.

मालवण, वेंगुर्ला, श्रीवर्धन अशा नगरपरिषदेत किंवा गुहागर, दापोली, देवगड-जामसंडे अशा नगरपंचायतीत असाल तर तिथल्या बांधकाम विभागाकडे जायचं. तिथे एकत्रिकृत विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावली लागू आहे, ती २०२० च्या डिसेंबरपासून आली. प्रादेशिक योजनेतल्या गावांतही तीच धरतात. कुंपणभिंतीबाबत तिचा गाभा असा:

समोरच्या रस्त्याच्या मध्यरेषेपासून भिंत जास्तीत जास्त १.५ मीटर, म्हणजे पाच फुटांना इंचभर कमी.

२.४ मीटरपर्यंत जायचं असेल तर वरचा ०.९ मीटर भाग उघडा हवा. जाळी, गज, नक्षीच्या विटा, काहीही, पण आरपार दिसलं पाहिजे.

प्लॉट दोन रस्त्यांच्या कोपऱ्यावर असेल तर वळणापासून दोन्ही बाजूंना १० मीटरपर्यंत भरीव भिंत ०.७५ मीटरच, वरचा तेवढाच भाग गजांचा. कोपऱ्यावरून येणारी एसटी मोटारसायकलवाल्याला दिसावी, यासाठी हे.

'रस्त्याच्या मध्यरेषेपासून' हे शब्द नीट वाचा. कोकणात अंगण क्वचितच रस्त्याच्या पातळीत असतं. अंगण रस्त्यापेक्षा तीन फूट खाली असेल तर आतून भिंत आठ फुटांची भासेल आणि नियमात बसेल. अंगण वर असेल तर उलट: आतून दोन फुटांचा कठडा दिसेल आणि तरी नियम संपलेला असेल. तिथे भिंतीने आडोसा मिळतच नाही, झाडांनीच मिळतो.

रस्ता कोणाचा तेही पाहा. मुंबई–गोवा महामार्ग क्रमांक ६६ किंवा रेवस–रेड्डी सागरी मार्गाच्या कडेला असाल तर बांधकाम रेषा (जिच्या अलीकडे, रस्त्याच्या बाजूला बांधता येत नाही) वेगळी असते आणि ती मध्यरेषेपासून मोजतात, डांबराच्या कडेपासून नाही. डांबर आज बारा फूट आहे म्हणून रस्ता बारा फुटांचा ठरत नाही. सार्वजनिक बांधकाम विभागाच्या तालुक्याच्या कार्यालयात विचारून घ्या. गावातला रस्ता असेल तरी मी म्हणेन, दोन फूट मागे सरा. रुंदीकरण आज ना उद्या येतंच.

समुद्राजवळच्यांना वेगळं

भरतीरेषेजवळ जागा असेल तर किनारा नियमन क्षेत्राची (सीआरझेड) अधिसूचना लागते, २०११ ची आणि तिच्या जागी आलेली १८ जानेवारी २०१९ ची. ग्रामीण किनाऱ्यावर भरतीरेषेपासून २०० मीटरचा पट्टा ना-विकास क्षेत्र धरला जातो. २०१९ च्या अधिसूचनेत दाट वस्तीच्या ग्रामीण भागासाठी तो ५० मीटर केला आहे. खाडीकाठाला आणि कांदळवनाजवळ आणखी वेगळे हिशोब आहेत. तुमची जागा कुठल्या पट्ट्यात येते हे किनारा क्षेत्र व्यवस्थापन आराखड्याच्या नकाशावर पाहावं लागतं, अंदाजाने ठरवू नका. दलालाच्या शब्दावर तर नाहीच.

किनाऱ्यावरच्या रिसॉर्टांसाठीच्या मार्गदर्शक तत्त्वांत, २०११ च्या अधिसूचनेच्या परिशिष्टात, एक उपयोगी वाक्य आहे. खाजगी मिळकतीभोवती जिवंत कुंपण किंवा झाडं लावलेलं काटेरी तारेचं कुंपण चालू शकतं, मात्र त्याने लोकांचा समुद्राकडे जाण्याचा मार्ग अडता कामा नये. दोन हॉटेलांमध्ये किमान २० मीटरची मोकळी वाट सोडायची, असंही त्यात आहे. तुमचं घर असलं तरी यातला धागा पकडा: किनाऱ्याकडच्या बाजूला चिरा नको, झाड लावा. वाळूचे उंचवटे सपाट करू नका. त्यावरची मर्यादवेल उपटू नका. ती वाळू धरून ठेवते, आणि वाऱ्यात ती वाळू तुमच्याच स्वयंपाकघरात येणार आहे.

घालायचं काय मग

इथे माझं मत ठाम आहे. आडोसा हद्दीवर शोधू नका, बसायच्या जागेजवळ शोधा. रस्त्यावरून जाणाऱ्याची नजर पडवीपर्यंत पोचू नये, एवढंच हवं ना? मग पडवीच्या पुढे आठ-दहा फुटांवर लावलेली जास्वंदीची रांग, सात फुटी भिंतीपेक्षा जास्त काम करते. जुनी घरं बघा. पुढे पोफळी, माड, केळी, मग अंगण, मग ओटी. रस्त्यावरून घर दिसायचं नाही आणि ओटीवरून रस्त्यावरचा माणूस ओळखू यायचा.

साधारण असं करा: रस्त्याच्या कडेला दोन-अडीच फुटांचा चिऱ्याचा किंवा दगडाचा गडगा. त्याच्या आत दीड फूट सोडून जिवंत कुंपण. उन्हाळ्यात पडवीला बांबूची चटई किंवा माडाच्या झापांचा पडदा. झाप वर्षाने कुजतात, माड असतील तर नवे फुकट मिळतात.

जिवंत कुंपणाला झाड निवडताना शेळी डोळ्यांसमोर ठेवा. भातकापणी झाली की गुरं मोकळी सुटतात आणि पहिल्या वर्षीचं कोवळं कुंपण जेवून जातात. मोगली एरंड, निरगुडी, अडुळसा यांना गुरं तोंड लावत नाहीत. गिरिपुष्पाचे खांब भराभर उभे राहतात आणि पाला खताला उपयोगी पडतो. जास्वंद, मेंदी आतल्या बाजूला शोभते, पण बाहेर काहीतरी राखण हवी. शेराचं कुंपण जुनं आणि मजबूत, पण त्याचा चीक डोळ्यात गेला तर फार त्रास होतो, लहान मुलं असतील तर टाळा. फांद्या मृगाच्या पावसात लावा. मृग चुकला तरी आर्द्रात चालतं, पुढे मुळं धरायला पावसाचे दिवस कमी मिळतात.

चिरा घेणार असाल तर खाणीतून ताजा निघालेला घेऊ नका. जांभा उन्हावाऱ्यात कडक होतो, थोडा वाळलेला घ्या. कपची वाजवून बघा. माती भरलेल्या पोकळ्या असलेला चिरा पावसात विरघळल्यासारखा झिजतो.

काटेरी तार लावणार असाल तर समुद्राकडून येणाऱ्या खाऱ्या वाऱ्यात हलकी तार काही वर्षांत गंजून हाताने तुटते. जाड जस्ताचा मुलामा असलेली घ्या आणि लाकडी खांबांऐवजी सिमेंटचे खांब लावा.

पत्र्याचं कुंपण घालू नका. स्वस्त वाटतं, आडोसाही पूर्ण मिळतो, पण ३ जून २०२० ला निसर्ग वादळ आलं तेव्हा श्रीवर्धन, मंडणगड, दापोलीकडे पत्रे कागदासारखे उडाले. भरीव पत्रा वाऱ्याला शीड होतो. हिरवी जाळी बांधणारेही हाच अनुभव घेतात, फक्त जाळी फाटते आणि कुणाचं डोकं फुटत नाही.

डुकरं आणि वानरांसाठी कुंपणात थेट वीज सोडण्याचा विचार मनातही आणू नका. दरवर्षी कुठे ना कुठे त्यात माणूस जातो, कधी कधी घरातलाच, आणि तो सरळ गुन्हा आहे. मान्यताप्राप्त सौर झटका यंत्र वेगळं, पण अंगणाला तेही नको.

रेषेवर झाड आड येत असेल तर कुऱ्हाड काढण्याआधी वनविभागाला विचारा. आंबा, फणस, जांभूळ, चिंच, खैर, ऐन, किंजळ ही झाडं १९६४ च्या वृक्षतोड कायद्याच्या यादीत आहेत, स्वतःच्या जागेतलं झाड असलं तरी. झाड मध्ये ठेवून भिंत दोन्ही बाजूंनी थांबवणं सोपं जातं, आणि फणस तसाही हलत नाही.

फाटक

फाटक आत उघडणारं हवं. बाहेर उघडलं की रस्त्यावर येतं. रुंदी ठरवताना गाडीचा विचार सगळेच करतात. मेमध्ये विहीर आटली की पाण्याचा टँकर आत यायला लागतो, त्याचाही करा. आणि रत्नागिरी जिल्ह्यात असाल तर शिमग्याचा करा. ग्रामदेवतेची पालखी घरोघर येते, खांद्यावरून, दोन्ही बाजूंना माणसं, पुढे ढोल. अंगणात ती नाचवतात. तुमचं फाटक तीन फुटांचं असेल तर पालखी रस्त्यावरूनच पुढे जाईल, तुम्ही ओटी भरायला तांदूळ-नारळ घेऊन दारात उभे आणि वाडीतल्या सगळ्या बायका बघतायत. दहा फुटांच्या आत जाऊ नका. खाली उंबरा घालू नका, घातलाच तर काढता येईल असा.

काही वाड्यांत भिंतीच्या पायाआधी राखणदाराला (जागा राखणाऱ्या दैवताला) नारळ ठेवून गाऱ्हाणं घालतात. तुमचा विश्वास असो नसो, नारळ ठेवताना शेजाऱ्याला बोलवा. हद्दीवर दोघं एकत्र उभे राहिल्याचा तो साक्षीदार होतो.

नंतरचं

काम संपल्यावर 'क' प्रत, परवानगी, पोच आणि चारही बाजूंचे फोटो एका फाइलीत ठेवा, एक संच मुंबईच्या घरी. जिवंत कुंपण वर्षातून दोनदा छाटा, एकदा पावसाआधी आणि एकदा दिवाळीच्या आसपास. नाहीतर ते रस्त्यावर झुकतं आणि एसटीचा आरसा घासतो. मेच्या शेवटच्या आठवड्यात काठी घेऊन भिंतीच्या तळाचं प्रत्येक भोक मोकळं करा. आत मुंग्यांचं वारूळ, सुकी पानं, क्वचित एखादी नानेटी (बिनविषारी साप) निघेल. पाणी ओतून पलीकडे येतंय का ते बघा, आणि जिथून येत नाही तो पाइप काढून नवा घाला.